आवर्तनाच्या पोटी आवर्तन

संगणकाची भाषा नव्याने शिकणाऱ्यापुढे जे ठरावीक पाठ ठेवले जातात, त्यांत बुद्धिबळाच्या पटाचा पाठ बहुधा असतोच. आठ ओळी, प्रत्येक ओळीत आठ घरे, एक घर काळे तर शेजारचे पांढरे. असा पट पडद्यावर उमटवणारी आज्ञावली लिहा, एवढीच मागणी. विद्यार्थी तो सोडवून (किंवा शेजाऱ्याच्या वहीतून उतरवून) पुढे जातात. साहित्याच्या अभ्यासकांनी त्याकडे वळून पाहावे असे वरवर काही कारण नाही. आम्हीही पाहिले नसते. पण साहित्य शिकवणाऱ्या आम्हा काही जणांनी, आपले विद्यार्थी शेजारच्या वर्गात जे शिकतात ते आपल्याला अगदीच परके राहू नये म्हणून, हा पाठ एकत्र बसून गिरवायला घेतला. आणि त्यात आम्ही ज्या रीतीने चुकलो ती रीतच आम्हाला इतिहासात मागे मागे घेऊन गेली.

चूक अशी. आम्ही संगणकाला सांगितले की पहिले घर काळे कर, आणि मग प्रत्येक घरागणिक रंग पालट; आठ घरे झाली की पुढच्या ओळीच्या आरंभी ये आणि तेच चालू ठेव. सांगणे निर्दोष वाटत होते. पडद्यावर मात्र पट उमटलाच नाही. वरपासून खालपर्यंत गेलेले आठ उभे पट्टे उमटले, जुन्या गादीच्या खोळीवर असतात तसे. कारण शोधताना आमच्यातल्या एकांनी सहज म्हणून आठाऐवजी सात घरांची ओळ घेतली, आणि काय आश्चर्य, चौकडी अगदी बिनचूक अवतरली. एकच आज्ञावली, साताला खरी, आठाला खोटी.

उलगडा झाल्यावर तो क्षुल्लक वाटतो. आठ वेळा रंग पालटला की आपण मूळ रंगावर परत येतो, म्हणून प्रत्येक ओळ काळ्यानेच सुरू होते. सात वेळा पालटला की परत येत नाही, म्हणून दुसरी ओळ आपसूक पांढऱ्याने सुरू होते. म्हणजे सातांचा पट आम्हाला साधला नव्हता, तो लाभला होता. आडव्या शेजाऱ्यांचे नाते आम्ही सांगितले होते; उभ्या शेजाऱ्यांविषयी एक अक्षरही उच्चारले नव्हते. पट हा मुळात दोन दिशांचा, आणि आमचे वाक्य एकाच दिशेचे.

दुरुस्त वाक्य असे होते. मराठीत मांडले तर :

प्रत्येक ओळीसाठी, १ ते ८ :
    त्या ओळीतील प्रत्येक घरासाठी, १ ते ८ :
        ओळीचा क्रमांक आणि घराचा क्रमांक यांची बेरीज सम असेल तर घर काळे,
        नाहीतर पांढरे.

ज्याला संगणकाच्या वर्गात सारे 'लूप' म्हणतात ते हे आवर्तन, आणि पहिल्याच्या पोटी दुसरे. बाहेरचे आवर्तन एक पाऊल टाकते तोवर आतले आठ पावले टाकून मोकळे होते. घड्याळातील तासकाटा आणि मिनिटकाटा यांच्यासारखे. बेरजेची युक्ती पाहण्यासारखी आहे. एक घर उजवीकडे गेलो तरी बेरीज एकाने वाढते, एक घर खाली गेलो तरी एकानेच वाढते. म्हणून दोन्ही दिशांना रंग पालटतो. तिरपे गेलो तर बेरीज दोनाने बदलते किंवा मुळीच बदलत नाही, म्हणून उंट जन्मभर आपल्याच रंगावर राहतो. घोड्याच्या प्रत्येक उडीने ती एकाने किंवा तिनाने बदलते, म्हणून तो दर उडीला रंग पालटतो. हे सारे आम्ही लहानपणापासून पाहत आलो होतो. त्याचे कारण प्रथमच वाचत होतो.

इथवर आल्यावर प्रश्न पडला तो असा : घराचा रंग ओळखण्याच्या दोन अगदी वेगळ्या रीती इथे आहेत. एक, शेजाऱ्याकडे पाहायचे आणि त्याच्या उलट व्हायचे. दुसरी, शेजारी कोण याची चौकशीच न करता स्वतःच्या पत्त्यावरून, म्हणजे कितवी ओळ आणि कितवे घर यावरून, रंग ठरवायचा. नवशिका पहिल्या रीतीने जातो. पुस्तक त्याला दुसरी शिकवते. या दोहोंचा इतिहास एकच नाही.

ज्या पटावरून हा पाठ आला तो पट मुळात रंगीत नव्हता. चतुरंगाचे अष्टापद आठ गुणिले आठ घरांचे खरे, पण एकरंगी. काही ठरावीक घरांवर फुल्या, बाकी नुसत्या रेघा. आपल्याकडचे पट पुढे कित्येक शतके तसेच राहिले. दोन रंगांचा पट युरोपातला. स्वित्झर्लंडमधील आइन्सीडेल्नच्या मठात सापडलेल्या, दहाव्या शतकाच्या अखेरच्या मानल्या जाणाऱ्या एका लॅटिन कवितेत त्याचा उल्लेख येतो. रंगाने खेळाचा एकही नियम बदलत नाही, फक्त डोळ्याला चाल चटकन दिसते. पुढे बाराव्या शतकात इंग्लंडच्या राजाचा जमाखर्च ज्या मेजावर मांडला जाई त्यावर चौकडीचे कापड असे, आणि त्यावरून त्या खात्याला 'एक्स्चेकर' हे नाव पडले. फारसीतला 'शाह' आपल्याकडे पटावरचा 'शह' झाला. तोच युरोपात फिरून 'चेक' झाला, कापडावरच्या चौकड्यांनाही त्याने नाव दिले आणि बँकेतल्या चेकलाही. शब्दांच्या या प्रवासावर स्वतंत्र लेख व्हावा. तूर्त एवढे पुरे.

मागावर तर चौकडी रंगांच्याही आधीची आहे. साध्या विणीत आडवा धागा एका उभ्या धाग्यावरून जातो, दुसऱ्याखालून. पुढच्या फेरीत नेमके उलट. ही वीण चौकटीच्या कागदावर उतरवली की बुद्धिबळाचा पटच दिसतो. विणकर मात्र काही मोजत नाही. विषम धागे एका चौकटीला बांधलेले, सम धागे दुसरीला. पायाने एकदा ही उचलली, एकदा ती. हिशेब मागाच्या बांधणीतच मुरलेला असतो.

आता आपल्या प्रांतात येऊ. मराठीच्या विद्यार्थ्याला 'यमाताराजभानसलगं' पाठ असते. आठ गण का, सात किंवा नऊ का नाहीत, हे त्याला क्वचितच सांगितले जाते. तीन अक्षरे, प्रत्येक लघू किंवा गुरू, म्हणून दोन गुणिले दोन गुणिले दोन. पिंगलाच्या छंदःसूत्रांच्या शेवटच्या अध्यायात या साऱ्या शक्यता क्रमाने मांडण्याची रीत आहे. तिला प्रस्तार म्हणतात. केदारभट्टाच्या 'वृत्तरत्नाकरा'त ती अधिक मोकळेपणी सांगितली आहे. पहिल्या ओळीत सारे गुरू लिहा. मग वरच्या ओळीत डावीकडून जो पहिला गुरू असेल त्याच्या खाली लघू मांडा. त्याच्या उजवीकडचे जसेच्या तसे उतरवा. डावीकडे जागा उरली असेल तर ती गुरूंनी भरा. सारे लघू होईपर्यंत हेच करत राहा. तीन अक्षरांसाठी केले तर म, य, र, स, त, ज, भ, न या क्रमाने आठही गण कागदावर उतरतात.

वाचकांनी हा प्रस्तार एकदा स्वतः मांडून पाहावा आणि मग तो आडवा न वाचता उभा वाचावा. पहिल्या स्तंभात गुरू, लघू, गुरू, लघू असे एकेक पालटत जाते. दुसऱ्यात दोन गुरू, दोन लघू. तिसऱ्यात चार गुरू, मग चार लघू. हा एकात एक बसलेल्या तीन आवर्तनांचा आलेख आहे. डावीकडचे सर्वांत चपळ, उजवीकडचे सर्वांत संथ. गंमत अशी की सूत्रकाराने आवर्तनांची नावेही घेतलेली नाहीत. त्याने फक्त वरच्या ओळीकडे पाहायला सांगितले. म्हणजे ही शेजाऱ्याकडे पाहण्याची रीत झाली.

पण त्याच शास्त्रात दुसरी रीतही आहे, आणि हे आमच्या लक्षात आले तेव्हा आम्ही थोडा वेळ गप्प बसलो. प्रस्तारातली एखादी ओळ पुसली गेली, तिचा केवळ क्रमांक ठाऊक आहे. तर वरच्या ओळी न मांडता ती कशी मिळवायची? या कृतीला 'नष्ट' म्हणतात. क्रमांक सम असेल तर लघू लिहा आणि त्याचे अर्धे करा. विषम असेल तर गुरू लिहा, एक मिळवा आणि मग अर्धे करा. अक्षरे पुरी होईतो हेच. पाचवी ओळ हवी असेल तर : पाच विषम, गुरू, सहाचे अर्धे तीन, तीन विषम, गुरू, चाराचे अर्धे दोन, दोन सम, लघू. गुरू, गुरू, लघू. म्हणजे त गण. शेजाऱ्याला न विचारता, केवळ पत्त्यावरून आणि सम-विषमावरून ओळ हाती आली. आमच्या पटाचे दुरुस्त वाक्य ज्या कुळातले, त्याच कुळातली ही रीत.

इथे एक सावधगिरी बाळगायला हवी. असे काही सापडले की 'संगणक आमच्याकडे होताच' असा घोष करण्याची आपल्याकडे एक खोड आहे आणि ती अभ्यासाला मारक आहे. प्रस्तार मांडणाऱ्याला यंत्र चालवायचे नव्हते. त्याला वृत्तांची मोजदाद हवी होती. ती कृती करणारा माणूसच होता, आणि 'हेच करत राहा' हे शब्द समजून घेणारा तो होता म्हणून सूत्र एवढे तोकडे राहू शकले. संगणकाच्या इतिहासातला अवघड भाग नेमका तिथे सुरू होतो जिथे 'हेच' म्हणजे काय आणि कुठवर, हे न समजणाऱ्याला सांगावे लागते. मात्र उलट टोकाला जाऊन छंदःशास्त्र म्हणजे निव्वळ घोकंपट्टी असे मानणाऱ्यांनीही नष्टाची कृती एकदा करून पाहावी. माधव जूलियनांची 'छंदोरचना' कपाटात ठेवून केवळ मुक्तछंदावर व्याख्याने देणारे आम्हीही त्यांत आलो.

थोडे विषयांतर. अनुष्टुभाचे चार चरण, प्रत्येक चरणात आठ अक्षरे. म्हणजे नेमका अर्धा पट. नवव्या शतकातील रुद्रटाने 'काव्यालंकारा'त याचा फायदा घेऊन असा श्लोक रचला की त्याची अक्षरे पटावरील घोड्याच्या चालीने वाचली तरी तोच श्लोक निघावा. समीक्षेने या चित्रकाव्याला अधम ठरवले आणि ते बहुतांशी योग्यच आहे. तरीही श्लोक हा ऐकण्याचा प्रवाह असतानाच एक मांडलेला पटही आहे, चरण म्हणजे ओळ आणि अक्षर म्हणजे घर, हे ज्याने पाहिले त्याची नजर साधी नव्हती.

'हेच करत राहा' हे न समजणाऱ्याला सांगण्याची पहिली गंभीर चर्चा १८४३ची आहे. चार्ल्स बॅबेजच्या वैश्लेषिक यंत्रावर इटालियन अभियंता मेनाब्रेआ याने १८४२ मध्ये फ्रेंचमध्ये एक निबंध लिहिला होता. एडा लव्हलेस हिने त्याचा इंग्रजी अनुवाद केला आणि त्याला टिपा जोडल्या. टिपा मूळ निबंधाहून कितीतरी लांब आहेत आणि त्यांखाली केवळ आद्याक्षरे आहेत. बायरनची ही कन्या. काव्यापासून तिला दूर ठेवावे म्हणून आईने गणिताचे शिक्षण दिले, ही कथा वाचकांना ठाऊक असेल. अनुवादकाने तळटीप लिहावी आणि ती मूळ ग्रंथाला झाकून टाकावी, याची उदाहरणे साहित्याच्या इतिहासात आहेत. संगणकाच्या इतिहासाचा तर आरंभच अशा टिपेने व्हावा, हे आम्हा अनुवाद शिकवणाऱ्यांना सुखावणारे आहे.

त्या यंत्राला आज्ञा द्यायच्या होत्या त्या जाकारच्या मागावरील भोकांच्या पत्त्यांनी. जाकारचा माग १८०४च्या सुमाराचा. एक पत्ता म्हणजे कापडाची एक आडवी ओळ, आणि पत्ते एकमेकांना शिवून केलेली साखळी. स्वतः जाकारचे रेशमात विणलेले एक चित्र बॅबेजच्या संग्रही होते. त्याला सुमारे २४,००० पत्ते लागले होते. मागावर साखळी एकाच दिशेने सरकते. बॅबेजने योजले होते की यंत्राला साखळी मागेही फिरवता यावी, म्हणजे तेच पत्ते पुन्हा वापरता येतील. लव्हलेसने या शक्यतेचे व्याकरण लिहिले असे म्हटले तरी चालेल. एकाहून अधिक वेळा घडणाऱ्या क्रियांच्या समूहाला तिने 'आवर्त' या अर्थाची संज्ञा दिली आणि लगेच पुढचे पाऊल टाकले : आवर्तांचाही समूह पुन्हा पुन्हा घडू शकतो, म्हणजे आवर्ताचा आवर्त. ते कसे लिहावे यासाठी तिने चिन्हांची सोयही सुचवली. यंत्र कधी पुरे झालेच नाही. न झालेल्या यंत्रासाठी लिहिलेले हे व्याकरण जवळपास शंभर वर्षे तसेच पडून राहिले.

पुढचा भाग लवकर सांगता येतो. १९५७ मध्ये आयबीएममध्ये जॉन बॅकस आणि त्याच्या सहकाऱ्यांनी सिद्ध केलेल्या फोरट्रान भाषेत आवर्तनाला प्रथमच एक सुटसुटीत वाक्य मिळाले : अमुक क्रमांकाच्या ओळीपर्यंतचे सारे, हा चल एकापासून आठापर्यंत जाईतो, कर. एकात दुसरे घालता येई, पण दोन्ही आवर्तने कुठे संपतात हे ओळीच्या क्रमांकाने सांगावे लागे, आणि दोन्ही एकाच ओळीवर संपली तरी चाले. वाचणाऱ्याला आत काय नि बाहेर काय हे डोळ्यांना दिसत नसे. १९६०च्या अल्गोलने 'आरंभ' आणि 'समाप्ती' असे दोन शब्द दिले आणि त्यांच्यामध्ये वाक्यांचा अख्खा गट मावू लागला. गटाच्या पोटी गट, त्याच्या पोटी आणखी. त्या भाषेचे व्याकरण ज्या पद्धतीने लिहिले गेले तिला बॅकस आणि नाउर यांची नावे मिळाली, तेव्हा १९६७ मध्ये पी. झेड. इंगरमन यांनी एका छोट्या पत्रात या पद्धतीला पाणिनीचे नाव द्यावे असे सुचवले. सूचना रूढ झाली नाही. दरम्यान १९६४ मध्ये डार्टमथ महाविद्यालयात केमेनी आणि कुर्ट्झ या दोन प्राध्यापकांनी बेसिक ही भाषा काढली, ती विज्ञानाबाहेरच्या विद्यार्थ्यांनाही संगणक वापरता यावा म्हणून. भारतातल्या काही शाळांत १९८४ नंतर 'क्लास' प्रकल्पातून बीबीसी मायक्रो संगणक आले, तेही ही भाषा बोलत. आमच्या पिढीतल्या अनेकांनी पट प्रथम तिच्यातच मांडला.

पण या साऱ्यात वाङ्मयीन दृष्टीने महत्त्वाचा मजकूर आम्हाला वाटतो तो एड्सगर डाइक्स्ट्राचा. १९६८च्या मार्चमध्ये एका व्यावसायिक नियतकालिकात त्याचे पत्र छापून आले. त्यातील हल्ला होता आज्ञावलीत कुठूनही कुठेही उडी मारण्याच्या सोयीवर. पत्राचे प्रसिद्ध, काहीसे आक्रस्ताळे शीर्षक त्याचे नव्हते, संपादक नीक्लाउस विर्थचे होते. आमच्या कामाचा आहे तो त्याच्या मागचा विचार. आज्ञावली दोन ठिकाणी असते : कागदावर, जागा व्यापून, आणि चालताना, काळ व्यापून. माणसाची बुद्धी स्थिर संबंध ओळखण्यात तरबेज, काळात उलगडणारे डोळ्यांपुढे आणण्यात दुबळी. म्हणून कागदावरचा मजकूर आणि काळातली घटना यांच्यातले अंतर होईल तितके कमी करावे. आवर्तन आले की 'आता आपण कुठे आहोत' याचे उत्तर पानावर बोट ठेवून देता येत नाही. कितवी फेरी तेही सांगावे लागते. आणि आवर्तनाच्या पोटी आवर्तन असेल तर बाहेरची कितवी आणि आतली कितवी, असे दोन आकडे लागतात. पटाच्या घराचा पत्ता तो हाच. तिसरी ओळ, पाचवे घर.

संहिता आणि प्रयोग, पान आणि वाचन यांच्या नात्यावर आपण वर्गात जे बोलतो त्याहून हे फार दूर नाही. १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या पायथन भाषेत तर गीदो व्हान रॉसमने 'आरंभ-समाप्ती'ही काढून टाकली आणि ओळ समासापासून किती आत सरकली आहे यावरच कशाच्या पोटी काय हे ठरू लागले. वर आम्ही मराठीत दिलेले वाक्य त्याच वळणाचे आहे. समास हा अर्थाचा भाग झाला.

याच काळात पडद्यावर पट दाखवणाऱ्यांतला एक अगदी आरंभीचा माणूस आमच्या मंडळींपैकी निघाला, हेही सांगून टाकू. ख्रिस्तोफर स्ट्रेची हा हॅरोच्या शाळेत मास्तर होता तेव्हा त्याने ड्राफ्ट्स खेळणारी आज्ञावली लिहायला घेतली. १९५२ मध्ये मँचेस्टरच्या फेरांटी संगणकावर ती चालली आणि डावाचा पट नळीच्या पडद्यावर दिसू लागला. त्याच वर्षी त्याने त्याच यंत्राकडून प्रेमपत्रे लिहवून घेतली : ठरावीक साचा, आणि त्यात कोशातून उचललेली विशेषणे. चरित्रकार लिटन स्ट्रेचीचा हा पुतण्या.

शेवटी ज्याच्यासाठी हा लेख लिहावासा वाटला त्या कारेलकडे वळू. १९८१ मध्ये रिचर्ड पॅटिस यांनी स्टॅनफर्डमध्ये असताना नवशिक्यांसाठी एक लहान पुस्तक लिहिले. त्यातला यंत्रमानव म्हणजे कारेल. नाव कारेल चापेकवरून घेतलेले. चापेकच्या १९२०च्या 'आर. यू. आर.' या नाटकाने जगाला 'रोबोट' हा शब्द दिला. तो सुचवला होता त्याचा भाऊ योसेफ याने, आणि त्याच्या मुळाशी असलेल्या चेक शब्दाचा अर्थ वेठ. आपल्या भाषेत बोलायचे तर कारेल हा वेठबिगार. त्याला येते फार थोडे : एक पाऊल पुढे जाणे, डावीकडे वळणे, जवळची खूण चौकात ठेवणे, चौकातली उचलणे. उजवीकडे वळणे येत नाही. तीनदा डावीकडे वळ, असे शिकवावे लागते. समोर भिंत आहे का, पायाशी खूण आहे का, एवढे त्याला कळते. आणि मुख्य म्हणजे त्याला मोजता येत नाही. त्याच्या भाषेत चल नाहीत, आकडा मनात धरून ठेवण्याची सोय नाही.

पुढे स्टॅनफर्डच्या पहिल्या पाठक्रमात या कारेलकडून पट मांडून घेण्याचा स्वाध्याय रूढ झाला : एक चौक सोडून एक खूण. अट अशी की तीच आज्ञावली आठ गुणिले आठच्या जगात चालावी, विषम आकड्यांच्या जगात चालावी, आणि ज्या जगात एकच ओळ किंवा एकच स्तंभ आहे तिथेही चालावी. सातांच्या पटावर नशिबाने उत्तीर्ण होण्याची आमची वाट या अटीने बंद होते. आणि बेरजेची वाटही बंद, कारण पत्ता ठाऊकच नाही. मग उरते काय? पायाशी पाहणे. जिथून निघालो तिथे खूण असेल तर पुढच्या चौकात ठेवायची नाही. नसेल तर ठेवायची. हीच शेजाऱ्याची रीत. मग ती कारेलला साधते आणि आम्हाला का साधली नाही?

याचे उत्तर आमच्या गटातल्या शेतकरी घरातून आलेल्या एका सहकाऱ्यांनी दिले. कारेल ओळीच्या टोकाला पोहोचला की तिथेच वर वळतो आणि उलट दिशेने परत येऊ लागतो. औत असेच चालते. तास संपला की बैल बांधालाच वळतात, परत पहिल्या टोकाला जाऊन नवा तास धरत नाहीत. या वाटेने गेले की प्रत्येक पाऊल शेजारच्याच घरात पडते, शेजार कुठेही तुटत नाही. आणि नुसता रंग पालटत गेले तरी सात असोत की आठ, चौकडी चुकत नाही. आम्ही चुकलो कारण आम्ही लिहिणारी माणसे. ओळ संपली की हात आपोआप समासाशी परततो. त्या उडीत शेजार तुटतो, आणि तुटलेला शेजार भरून काढायला पत्ता लागतो, पत्त्याला दोन आकडे लागतात, दोन आकड्यांना एकात एक दोन आवर्तने. पुस्तकातला पाठ लेखणीच्या सवयीतून जन्मला आहे, हे आमच्यापैकी एकालाही तोवर सुचले नव्हते. माणूस नेहमीच असा लिहीत नव्हता, ही गोष्ट वेगळी. प्राचीन ग्रीक शिलालेखांत बैलाच्या वळणाने लिहिलेल्या ओळी मिळतात, आणि आंध्रातील येर्रगुडीच्या अशोकाच्या लघुशिलालेखातही काही ओळी उलट दिशेने धावतात.

रंगाविषयी एक गोष्ट राहिली. रूपकाच्या चर्चेत ज्याचे नाव आपण हटकून घेतो तो मॅक्स ब्लॅक. त्याचा १९५४-५५चा रूपकावरील निबंध एम. ए.च्या वर्गांना अपरिचित नाही. त्याच ब्लॅकने १९४६च्या आपल्या तर्कविषयक पाठ्यपुस्तकात एक कोडे दिले होते. पटाची समोरासमोरची दोन कोपऱ्यांची घरे कापून टाकली, उरली ६२. दोन घरे झाकतील अशा ३१ सोंगट्यांनी तो पट पुरता झाकता येईल का? हाताने प्रयत्न करणारा थकून जातो. रंगाकडे पाहणारा क्षणात सांगतो की नाही : कापलेली दोन्ही घरे एकाच रंगाची, म्हणून एका रंगाची ३० आणि दुसऱ्याची ३२ उरली, प्रत्येक सोंगटी मात्र एक काळे आणि एक पांढरे झाकते. १९६४ मध्ये जॉन मॅकार्थीने हेच कोडे यंत्रांच्या तर्कशक्तीपुढचे अवघड आव्हान म्हणून मांडले. अष्टापदावर रंग नव्हता, पण सोंगट्या तिथेही पुरल्या नसत्या. दहाव्या शतकात युरोपात कुणी ती घरे रंगवली तेव्हा त्याच्या मनात यातले काही असण्याचा संभव नाही.

आमच्या मागच्या बैठकीत आम्ही औताच्या वळणाची आज्ञावली लिहिली. आठांना चालली, सातांना चालली. एका स्तंभाच्या जगात मात्र कारेल पहिल्याच चौकात भिंतीला टेकला आणि वळावे कुठे ते त्याला कळेना. पुढच्या बैठकीत तेवढे पाहायचे आहे.